काट्यावरचा माणूस

अंबरनाथ पश्चिमेला स्टेशनाबाहेर पडून विम्को नाक्याकडे चालू लागलं, की वाढदिवसाच्या शुभेच्छांचा एखादा तरी फलक लागतो, ज्यावर नावाआधी ‘कामगार नेते’ ही पदवी छापलेली असते. हे फलक वाचायची मला जुनी खोड आहे. एकदा एकाच फोटोखाली ‘सुप्रसिद्ध उद्योजक, समाजसेवक व कामगार नेते’ असं वाचलं आणि दाद द्यावीशी वाटली. पगाराचा करार करायची वेळ आली तर या गृहस्थांना टेबलाच्या दोन्ही बाजूंना स्वतःच बसता येईल. विम्को म्हणजे वेस्टर्न इंडिया मॅच कंपनी, काडेपेट्या बनवणारी. तिचा काडेपेट्यांचा धंदा पुढे आयटीसीत विलीन झाला. रिक्षावाल्यांच्या तोंडी नाक्याचं नाव तेवढं राहिलं. ‘कामगार नेते’ या पदवीचंही तसंच झालं असावं, असा मला दाट संशय आहे.

कामगार पुढारी राजकारणात गेला की त्याचं काय होतं, याच्या आपल्याकडे दोनच गोष्टी सांगतात. एक, तो विकला गेला. दुसरी, त्याला संपवलं. चहाच्या टपरीवर पहिली चालते, स्मृतिदिनाच्या सभेत दुसरी. दोन्हींत सगळा प्रकाश त्या एका माणसावर असतो. तो सभागृहात गेल्यावर मागे गेटवर कोण उभं होतं, त्याला कोणी निवडलं होतं आणि पटलं नाही तर काढता येत होतं का, हे कुणी विचारत नाही. मला वाटतं, या पुढाऱ्यांचं यशापयश बरंचसं तिथेच ठरलेलं असतं. ते पटवायला जरा लांबून सुरुवात करतो.

३ फेब्रुवारी १९२८ रोजी सायमन कमिशन मुंबईत उतरलं. शाळेच्या पुस्तकामुळे आपल्याला काळे झेंडे आठवतात, लाहोरचा लाठीमार आणि लाला लजपतराय आठवतात. कमिशनच्या सात सदस्यांपैकी दोघे मजूर पक्षाचे होते. एक क्लेमंट ॲटली, जे पुढे पंतप्रधान झाले. दुसरे व्हर्नन हार्टशॉर्न, ज्यांचं नाव आज कुणाला सांगता येणार नाही. वेल्समधल्या खाणमजुरांचा हा पुढारी. जन्म १८७२चा. लहानपणीच खाणीत उतरला, मग मेस्टेग भागातल्या खाणकामगारांचा पूर्णवेळ प्रतिनिधी झाला, १९१८ साली ऑगमोर मतदारसंघातून पार्लमेंटात गेला, दक्षिण वेल्सच्या खाणकामगार महासंघाचा अध्यक्ष झाला आणि १९२४ साली इंग्लंडच्या पहिल्यावहिल्या मजूर सरकारात पोस्टमास्टर जनरल.

हा माणूस वर कुठून आला, ते पाहण्यासारखं आहे. वेल्समध्ये कोळसा फोडणाऱ्याला मजुरी टनावर मिळे. दिवसभर वाकून फोडलेला कोळसा डब्यांतून वर जायचा आणि काट्यावर बसलेला मालकाचा कारकून वजन लिहायचा. त्यानं दगड-माती म्हणून चार मण कापले की मजुराच्या पोटातून गेले. १८६०च्या कायद्यानं खाणकामगारांना एक हक्क दिला: मालकाच्या कारकुनाशेजारी आपला स्वतःचा माणूस बसवायचा. त्याला निवडायचं कामगारांनी, पगार द्यायचा कामगारांनी आपल्या खिशातून, आणि त्यानं नजर ठेवायची काट्यावर. मालकाला तो नको असे, पण तो मालकाचा नोकरच नसल्यामुळे त्याला कामावरून कमी करणं सोपं नव्हतं. आकडे त्याला कळत, लिहिता-वाचता येई, आणि रोज संध्याकाळी त्याला त्याच माणसांच्या तोंडाला तोंड द्यावं लागे ज्यांच्या वर्गणीवर त्याची चूल पेटायची. वेल्सच्या कामगार पुढाऱ्यांची एक पिढीच्या पिढी या काट्यावरून वर आली, हार्टशॉर्नही त्यातलाच. पुढे अन्यूरिन बेव्हन झाला. तेराव्या वर्षी खाणीत गेलेला हा पोरगा १९४८ साली आरोग्यमंत्री म्हणून साऱ्या देशाला मोफत दवाखाना देऊन गेला. त्याच्या मागेही ट्रेडेगार गावच्या कामगारांनी वर्गणीतून चालवलेली औषधोपचाराची संस्था होती. गावात पन्नाशी ओलांडलेली ती व्यवस्था त्यानं देशभर नेली, एवढंच म्हणायला हवं. नवसाचा चमत्कार नव्हता तो.

तर असा हा काट्यावरचा माणूस बोटीतून मुंबईच्या बंदरात उतरला, आणि त्याच दिवशी शहरात हजारो गिरणी कामगार ‘सायमन परत जा’ म्हणत रस्त्यावर होते. आपल्या काट्यावर दुसऱ्याचा माणूस नको, हे ज्यानं जन्मभर सांगितलं, तोच आता एका अख्ख्या देशाच्या काट्यावर, एकाही हिंदी माणसाला शेजारी न घेता, वजन करायला आला होता. हार्टशॉर्नला यातला विनोद जाणवला की नाही कोण जाणे. परत गेल्यावर तो १९३० साली पुन्हा मंत्रिमंडळात आला आणि १९३१ साली पदावर असतानाच वारला.

त्या मोर्चातले गिरणी कामगार मात्र दोनच महिन्यांत आपला काटा उभारायला लागले. एप्रिल १९२८ ते ऑक्टोबर १९२८, सहा महिने मुंबईच्या गिरण्या बंद होत्या. त्या संपातून गिरणी कामगार युनियन जन्मली, लाल बावट्याची. डांगे, मिरजकर, निमकर, जोगळेकर ही नावं आपल्याला ठाऊक आहेत. तिच्या अध्यक्षाचं नाव किती जणांना ठाऊक आहे? अर्जुन आत्माराम आळवे. गिरणीत काम करणारा माणूस. युनियननं गिरणीगिरणीत कमिट्या बांधल्या. खात्यातल्या माणसांनी आपल्यातलेच निवडलेले प्रतिनिधी, गेटवरच्या तक्रारी तिथल्या तिथे मांडणारे. वेल्सच्या काट्यावरचा माणूस मुंबईत बसला तो असा.

या काट्यालाही खोट होती. साचेखात्यात, म्हणजे विणकामाच्या खात्यात, अस्पृश्यांना शिरकाव नव्हता, आणि पैसा साचेखात्यातच जास्त होता. तुटलेला धागा तोंडानं ओढून घ्यावा लागतो, मग विटाळ होतो, हे कारण. त्या संपात डॉ. आंबेडकरांनी हा प्रश्न पुढाऱ्यांच्या पुढ्यात ठेवला, तेव्हा कुठे तो मागण्यांच्या यादीत गेला. कामगारांनी निवडलेला माणूस आपोआप सगळ्या कामगारांचा होत नाही, हे तेव्हाही दिसत होतं.

मार्च १९२९मध्ये सरकारनं मेरठ कटाच्या खटल्यासाठी धरपकड केली. डांगे-मिरजकरांबरोबर आळवेंनाही नेलं, आणि कासले यांनाही; तेही गिरणीतलेच. खटला १९३३पर्यंत रखडला. बाहेर पडल्यावर डांगे पुढे मोठे झाले, १९५७ साली मुंबईतून लोकसभेत गेले. आळवे इतिहासाच्या तळटीपेत गेले. यात डांग्यांचा दोष काढायचा नाही. पण वेल्समध्ये आळवे पार्लमेंटात गेले असते. आपल्याकडे आळव्यांचं बोट धरून दुसरे गेले.

इथे पट्टीचा वाचक मला अडवेल. बाहेरचा पुढारी वाईट कसा? ना. म. जोशी बाहेरचेच होते. एस. एम. जोशी बाहेरचेच, आणि आमच्या अंबरनाथच्या ऑर्डनन्स फॅक्टरीसारख्या संरक्षण कारखान्यांतल्या कामगारांची देशव्यापी संघटना त्यांनी वर्षानुवर्षं सांभाळली. खडकीतल्या तिच्या कचेरीला त्यांचं नाव आहे. बरोबर आहे. आतल्या माणसानं तोंड उघडलं की दुसऱ्या दिवशी पाळीवरून कमी. इंग्रजी नोटिसा, लेबर कोर्ट, वकिली भाषा. वकील, डॉक्टर, प्राध्यापक लागणारच होते. १९२६च्या ट्रेड युनियन कायद्यानंही निम्मे पदाधिकारी बाहेरचे असायला हरकत घेतली नाही. ते प्रमाण २००१ साली एक-तृतीयांश किंवा पाच, यातलं जे कमी असेल तेवढ्यावर आलं. माझा आक्षेप बाहेरच्या माणसावर नाही. त्याला आतून निवडायची आणि आतूनच काढायची सोय राहिली नाही, यावर आहे. आणि ती सोय कुणी काढून घेतली, ही गोष्ट फार गंमतीची आहे.

१९३८ साली मुंबई प्रांतातल्या काँग्रेस सरकारनं औद्योगिक कलहाचं बिल आणलं, संपाला पाचर मारणारं. ७ नोव्हेंबर १९३८ रोजी आंबेडकरांचा स्वतंत्र मजूर पक्ष आणि कम्युनिस्ट, एरवी एकमेकांचं तोंड न पाहणारे, एकत्र येऊन एक दिवसाचा संप करून मोकळे झाले. बिल तरीही पास झालं. त्याच वाटेनं १९४६चा मुंबई औद्योगिक संबंध कायदा आला. तो आणणारे मजूरमंत्री गुलझारीलाल नंदा. नंदा कोण? अहमदाबादच्या मजूर महाजनाचे चोवीस वर्षांचे चिटणीस. म्हणजे कामगार चळवळीतून राजकारणात आलेल्या माणसानंच हा कायदा केला. त्यांचा हेतू शुद्ध होता, हे मी मानतो. अहमदाबादेत एकच संघटना होती, लवादानं तंटे सुटत होते, तेच मुंबईत व्हावं असं त्यांना वाटलं. कायद्यानं प्रत्येक शहरातल्या एका उद्योगासाठी एकच प्रातिनिधिक युनियन मानली. ती ठरायची सभासदांच्या नोंदींवरून, रजिस्ट्रारच्या टेबलावर. एकदा तिला शिक्का मिळाला की बोलणी करायचा अधिकार तिचाच. मुंबईच्या कापड गिरण्यांत तो शिक्का राष्ट्रीय मिल मजदूर संघाकडे गेला आणि तिथेच राहिला.

आता डॉ. दत्ता सामंत. कामगार त्यांना नुसतं ‘डॉक्टर’ म्हणत, आणि मुंबईत तेव्हा डॉक्टर म्हटलं की दुसरा कुणी नव्हता. देवबागचा मालवणी माणूस, जन्म १९३२. घाटकोपरला दवाखाना. पेशंट म्हणून दगडखाणीतले मजूर यायचे. त्यांच्या आजारांचं मूळ औषधाच्या बाटलीत नाही हे कळल्यावर डॉक्टर खाणीवर गेले. १९७२ साली मुलुंडमधून काँग्रेसचे आमदार झाले आणि आणीबाणीत त्याच काँग्रेसनं त्यांना तुरुंगात टाकलं. सुटल्यावर त्यांचा दबदबा असा वाढला की कंपनीच्या गेटवर त्यांच्या युनियनचा फलक लागला म्हणजे मॅनेजमेंटच्या कपाळावर आठ्या आणि कामगाराच्या घरात बोनसचे बेत. त्यांची रीत सरळ होती. ताळेबंद दाखवू नका, पगार दाखवा. माणूस हट्टी, आडदांड, प्रसंगी बेदरकार. त्यांच्या संपांत हिंसा झाली आणि तिची जबाबदारी झटकता येणार नाही. पण त्यांनी पैसा खाल्ला असं त्यांचे शत्रूही म्हणत नसत.

१९८१च्या दिवाळीच्या सुमाराला बोनसवरून बिनसलेले गिरणी कामगार मजदूर संघाला वळसा घालून त्यांच्या दाराशी गेले. १८ जानेवारी १९८२ला संप सुरू झाला. अडीच लाख माणसं. मागण्या पगाराच्या, बदली कामगारांना कायम करायच्या, आणि एक त्या सगळ्यांच्या मुळाशी असलेली: १९४६चा कायदा रद्द करा, आमची युनियन आम्हाला ठरवू द्या. अडीच लाख माणसं ज्याच्या मागे आहेत तो कायद्याच्या नजरेत कुणीच नाही, आणि ज्याच्या मागे गेटवर कुणी नाही तोच बोलणी करणार. सरकारनं आणि मालकांनी हे नाटक दीड-दोन वर्षं ताणलं. माणसं गावी गेली, दागिने गेले, पोरं शाळेतून निघाली. तो संप अधिकृतपणे आजतागायत मागे घेतलेला नाही.

मग डिसेंबर १९८४. इंदिरा गांधींच्या हत्येनंतरच्या लाटेत काँग्रेसला देशात चारशेच्या वर जागा मिळाल्या, आणि त्या लाटेत मुंबई दक्षिण मध्यमधून दत्ता सामंत अपक्ष म्हणून लोकसभेवर निवडून आले. आपल्या पराभूत पुढाऱ्याला उपाशी कामगारानं दिलेलं हे मत आहे. त्याच्या इतकं करुण आणि इतकं तेजस्वी मत महाराष्ट्राच्या निवडणुकांत मला दुसरं आठवत नाही. पण त्यातली विसंगती पाहा. दिल्लीत देश कोणी चालवावा हे ठरवायला त्या कामगाराकडे मतपेटी होती, गुप्त मतदान होतं, पोलिसांचा बंदोबस्त होता. लोअर परळला आपल्या पगाराविषयी कोणी बोलावं, हे ठरवायला त्याच्याकडे काहीही नव्हतं. गेट बंद झालं म्हणून तो सभागृहाच्या दारानं शिरला, आणि तिथे त्याचा माणूस चारशेंच्या समोर एकटा. वेल्सचा खाणकामगार आधी काट्यावर निवडून देत असे, मग पार्लमेंटात. आपण पायरी गाळून वर उडी मारली.

१९८९ला डॉक्टर हरले, शिवसेनेच्या वामनराव महाडिकांकडून. हे तेच महाडिक, जे १९७०मध्ये कम्युनिस्ट आमदार कृष्णा देसाईंच्या खुनानंतरच्या पोटनिवडणुकीत परळमधून सेनेचे पहिले आमदार झाले होते. १६ जानेवारी १९९७ रोजी पवईत भररस्त्यात डॉक्टरांवर गोळ्या झाडल्या. संपाला पंधरा वर्षं पुरी व्हायला दोन दिवस होते.

ज्या हिवाळ्यात गिरण्या बंद पडल्या, त्याच हिवाळ्याच्या शेवटी आणखी एक कामगार पुढारी गेला, आणि माझ्या मते काट्याची गोष्ट महाराष्ट्रात कुणाला नीट कळली असेल तर ती त्याला. अण्णासाहेब पाटील. पाटण तालुक्यातून मुंबईत आलेला, दारुखाना भागात पाठीवर ओझी वाहिलेला माथाडी. बाहेरचा नव्हे, आतला. त्यांनी हमालांची युनियन बांधली आणि १९६९ साली माथाडी कामगारांचा कायदा करून घेतला. या कायद्याचं यंत्र समजून घ्यायला हवं. हमालाला एक मालक नसतो. सकाळी या गोदामात, दुपारी त्या. म्हणून कायद्यानं मंडळं स्थापली. कामगाराची नोंद मंडळात, मालकाचीही मंडळात. मालक मजुरी आणि तिच्यावर ठरावीक टक्के लेव्ही मंडळात भरतो, मंडळ मजुराला पगार देतं. लेव्हीतून भविष्यनिर्वाह निधी, रजा, दवाखाना. मालक आणि हमाल यांच्या मधे एक काटा उभा राहिला, ज्यावर सरकार, व्यापारी आणि कामगार तिघांचीही माणसं बसली. अण्णासाहेब पुढे काँग्रेसचे विधान परिषदेचे आमदार झाले. २२ मार्च १९८२ला त्यांनी मराठा समाजाच्या आरक्षणासाठी विधान भवनावर मोर्चा नेला, आणि मागणी मान्य झाली नाही म्हणून दुसऱ्या दिवशी स्वतःवर गोळी झाडून घेतली. सभागृहानं माणूस गिळला, हे खरंच. पण मंडळं आजही चालू आहेत. त्यांच्यात सडकी टोळकी शिरली, खंडणी आली, बोगस नोंदी आल्या, हेही खरं. तरी कुणी ती बंद करायचं नाव काढलं की माथाडी रस्त्यावर येतो, कारण ती त्याच्या भाकरीशी बांधलेली आहेत. दत्ता सामंतांची सभा अण्णासाहेबांच्या सभेहून मोठी होती. मागे उरलं ते मात्र अण्णासाहेबांचंच जास्त.

जॉर्ज फर्नांडिसांवर वेगळा लेख होईल, तेव्हा थोडक्यात. ८ मे १९७४ला त्यांनी रेल्वे थांबवली, पुढे १९८९ला स्वतः रेल्वेमंत्री झाले, कोकण रेल्वे उभी केली, आणि १९९८पासून संरक्षणमंत्री, म्हणजे आमच्या ऑर्डनन्सचे सर्वांत वरचे साहेब. रेल्वेत मान्यताप्राप्त युनियन गुप्त मतदानानं निवडायची पद्धत २००७ साली सुरू झाली. पुन्हा २०१३ला, आणि अलीकडे २०२४च्या डिसेंबरात मतदान झालं. जॉर्ज रेल्वेमंत्री जेमतेम वर्षभर होते, हे मान्य. पण भारतीय रेल्वेचं चाक थांबवणाऱ्या माणसाला मतपेटी ठेवायचं सुचलं नाही, याची चुटपुट मला आहे.

आता अंबरनाथला परत येऊ. १ ऑक्टोबर २०२१ला आयुध निर्माणी मंडळ मोडून त्याच्या सात कंपन्या केल्या. ऑर्डनन्स फॅक्टरी यंत्र इंडियाकडे गेली, शेजारची मशीन टूल प्रोटोटाइप फॅक्टरी आर्मर्ड व्हेइकल्स निगमकडे. एका कंपाउंडाशेजारचं दुसरं कंपाउंड, दोन वेगळ्या कंपन्या. विरोधात २६ जुलैपासून बेमुदत संप जाहीर झाला होता. त्याआधीच ३० जूनला संप करणंच गुन्हा ठरवणारा अध्यादेश निघाला. लाल, भगव्या, तिरंगी, सगळ्या रंगांच्या संघटना एकत्र होत्या. संसदेत मात्र त्यांच्यातून उठून गेलेला, आणि उद्या पुन्हा त्यांच्याच गेटवर येऊन उत्तर द्यावं लागेल असा एकही माणूस नव्हता.

एमआयडीसीतली स्थिती त्याहून बिकट. आनंदनगरच्या रस्त्यानं पाळी सुटताना उभे राहा. बाहेर येणाऱ्यांत कंपनीचे किती आणि ठेकेदाराचे किती, हे ओळखपत्राच्या फितीच्या रंगावरून कळतं. नवी औद्योगिक संबंध संहिता २०२० साली मंजूर झाली आणि २१ नोव्हेंबर २०२५पासून लागू झाली. तिच्यात हजेरीपटावरच्या ५१ टक्के कामगारांचा पाठिंबा असलेली युनियन बोलणी करणारी ठरते. ऐकायला लोकशाहीच. पण मोजायचं कुणाच्या हजेरीपटावर? ठेकेदाराचा माणूस कंपनीच्या पटावर नसतोच. साचेखात्यात ज्याला शिरकाव नव्हता, तोच आज दुसऱ्या रंगाची फीत घालून गेटातून आत जातो. फरक एवढाच, की यंत्र तोच चालवतो.

कायदा सुधारायला हवा, गुप्त मतदान सक्तीचं हवं, ठेक्यावरच्या माणसाची गणना जिथे तो घाम गाळतो तिथेच व्हायला हवी. हे सगळं मागायला आधी कुणीतरी मागणारा हवा, आणि तो आपल्यालाच बनवावा लागेल. तोवर एक काम विनाखर्च करता येण्यासारखं आहे. पुढच्या निवडणुकीत एखादे कामगार नेते हात जोडून तुमच्या दाराशी आले, तर त्यांना पाणी द्या, बसवा आणि त्यांच्या युनियनची शेवटची निवडणूक कधी झाली, मतदान गुप्त होतं का आणि त्यांच्या विरोधात कोण उभं होतं, एवढं विचारा. तारीख सांगता आली नाही, तर पुढचं भाषण ऐकू नका.